कोनारे मोर: पहिला निषेध कुठे मोडतो?

बखरवाचक: आयर्लंडच्या जुन्या कथांतला राजा कोनारे मोर. टाराच्या (आयर्लंडच्या राजांचं मुख्य ठिकाण) गादीवर बसण्याआधी पक्ष्यांचा राजा नेमग्लान त्याच्यावर निषेध (गेसा) घालतो. पुढे ते एकेक मोडतात आणि दा देर्गाच्या अतिथीगृहात त्याचा अंत होतो. पहिला कोणता मोडतो? की सगळं निव्वळ दैव?

ताम्रपट: दैव नंतर. पहिला मोडतो तो ‘तुझ्या राज्यात लुटालूट नको’ हा, आणि त्याला राजाची माया कारण आहे. डोन देसाचे तीन मुलगे त्याच्याबरोबरच वाढले. दरवर्षी ते एकाच शेतकऱ्याचं एक डुक्कर, एक वासरू आणि एक गाय पळवत, राजा काय शिक्षा देतो ते पाहायला. शेतकरी दाद मागायला आला की राजा सांगे, ‘त्यांच्याशीच बोल.’ असं चालतच राहिलं. मग ते टोळी करून लुटायला लागले. निवाडा झाला: बाकीच्यांना त्यांच्या बापांनी मारावं, माझ्या भावांना सोडा. हा न्याय खोटा, हे त्यालाच लगेच कळलं. त्याने तो फिरवून सगळ्यांना समुद्रापार हाकललं. तिकडे त्यांना एकाक्ष इंगकेल भेटला. आधी त्याच्या मुलखात लूट, त्यात त्याचेच आईबाप आणि सात भाऊ मेले. बदल्यात आयर्लंडमध्ये त्याला हवी ती लूट; तीच पुढे दा देर्गाच्या घरावर येते. या कथेत राजाचं सत्य ढळलं की राज्य ढळतं.

गडवाट: सहमत. पुढचे निषेध शेवटच्या रात्रीच मोडतात असं समजू नका. आपल्या दोन दासांचं भांडण मिटवायचं नाही, हाही निषेध होता. कार्ब्रे नावाच्या आपल्या दोघांचं भांडण मिटवायला तो तोमोंड प्रांतात गेला, तो निषेध तिथेच गेला. दोघांकडे पाच-पाच रात्री राहिला, म्हणजे नववी रात्र टाराबाहेर न काढण्याचाही गेला असं धरता येतं. परतताना चहूकडे आगी, म्हणून वाट बदलली: टाराला उजवी, भोवतालच्या ब्रेगा मुलखाला डावी प्रदक्षिणा, हेही निषिद्धच. केर्ना या जागेच्या जनावरांची शिकारही निषिद्ध, ती झाली; जनावरं कोणती हे मागाहून कळलं. तीन लाल स्वारांनी त्याच्यापुढे जाऊ नये असा निषेध, तरी ते पुढे निघाले; मुलाला मागे धाडलं, बैल देऊ केले, तरी ते थांबले नाहीत. सूर्यास्तानंतर एकट्या बाईला घरात घ्यायचं नाही, आणि काल्ब नावाची बाई एकटीच दारात आली, तो शेवटचा घाव.

ताम्रपट: भाषांतर घेताना एक बघा. सुमारे 1100 च्या ‘लेबोर ना हुइद्रे’ या हस्तलिखितात कथेचा आरंभ नाही. वृषभमेजवानीसकट (राजा निवडण्याचा बैलाचा विधी) सगळं हवं तर ‘लेकनचं पिवळं पुस्तक’ या दुसऱ्या हस्तलिखितावरून केलेलं घ्या. मूळ कथनं एकाहून जास्त, जोडून लिहिलेली. म्हणून काही वर्णनं दोनदा येतात, ती चूक समजू नका.