खुबानी का मीठा: हैदराबादचा की आपला?

औरंगपुरेकर: कालच्या पोस्टमध्ये कुणीतरी ठोकून दिलं, ‘खुबानी का मीठा, म्हणजे साखरेत शिजवलेले जर्दाळू, अस्सल हैदराबादी; मराठवाड्यात तो 1948 नंतर हॉटेलवाल्यांनी आणला.’ वा रे वा! 1763 पर्यंत निजामाची राजधानी औरंगाबादच होती. खानसामे इथूनच तिकडं गेले ना? का मुदपाकखाना आभाळातून पडला?

मोंढ्यातला: राजधानी इथं म्हणून पदार्थ इथला? असं असतं व्हय! जर्दाळू ना गोदाकाठी पिकतो ना मुसीकाठी. वाळवलेला यायचा, तोही थंड मुलखातून. मध्य आशियात, फरगण्यातल्या मर्गिलानला बी काढून, गर परत आत भरून जर्दाळू वाळवतात, त्याला सुभानी म्हणतात, असं बाबरानंच लिहून ठेवलंय. फळ नि गर एकत्र खायची रीत फरगण्याकडची. तुम्ही अन् हैदराबादवाले, दोघंही नुसते गिऱ्हाईक.

परभणीची सून: गर आता घालतं कोण? सासूबाई जर्दाळू रात्री भिजवायच्या, सकाळी त्याच पाण्यात साखर घालून शिजवायच्या. बिया बत्त्यानं फोडायचं काम आम्हा सुनांचं. घाव जोरात बसला की गराचा भुगा आणि वर बोलणी. कडू निघाला तर तो बाजूला. परवा एका लग्नात केटररनं पिवळ्या कस्टर्डात जॅम कालवून ‘खुबानी’ म्हणून वाढलं!

औरंगपुरेकर: कस्टर्ड चालतं हो वहिनी, पातळ असलं की.

मोंढ्यातला: चालतं? मलई लागते, मलई! वर आईस्क्रीमचा गोळा टाकणाऱ्याला तर पंगतीतून उठवलं पाहिजे.

औरंगपुरेकर: मग स्वतः आटवा की दूध. केटररला ताटामागं किती देता ते सांगा आधी!

उदगीरकर: भांडा मलईवरून! रझाकारांच्या भीतीनं माझ्या आजोबांनी रातोरात गाव सोडलं, अन् तुम्हाला निजामी मेजवानीचं कौतुक. आम्हाला शेंगदाण्याचा लाडू बास.

परभणीची सून: दादा, माझे सासरे मुक्तिसंग्रामात होते. खुबानी वाटी पुढं करून मागायचे. राग राजावर होता, जर्दाळूवर नव्हता.

उदगीरकर: बरं, फुकट वाढली तर खाईन. कौतुक तेवढं सांगू नका.

औरंगपुरेकर: मोंढेवाले, फरगणा घ्या तुम्हाला, आंदण दिला. पण पाकात शिजवून, वर मलई घालून लग्नाच्या पंगतीत वाढायला सुरुवात कुठं झाली, ते बोला की!

मोंढ्यातला: बोललो असतो. पण मी हैदराबाद म्हणणार अन् तुम्ही परत 1763 काढणार.