एका अँकरने राष्ट्राध्यक्षाला घरी बसवलं का? आमच्या सोसायटीच्या ग्रुपवरची चर्चा

वसंतकाका (ए-२०४): सुप्रभात मंडळी. आलेला मेसेज पुढे पाठवतोय, जरूर वाचा.
"१९६८ साली वॉल्टर क्रॉन्काइट या अमेरिकन वृत्तनिवेदकाने टीव्हीवर सांगितलं की व्हिएतनामचं युद्ध जिंकता येणार नाही. व्हाइट हाउसमध्ये ते पाहत असलेले राष्ट्राध्यक्ष लिंडन जॉन्सन उठले, टीव्ही बंद केला आणि म्हणाले, क्रॉन्काइट हातातून गेला म्हणजे देश हातातून गेला. महिन्याभरात त्यांनी निवडणुकीतून माघार घेतली. याला म्हणतात पत्रकारिता!"

निखिल (बी-१०२): जबरदस्त. आज असा एक तरी अँकर दाखवा.

शुभांगी (ए-५०१): खरंच. एक माणूस बोलला आणि युद्ध थांबलं.

मेधाताई (सी-३०१): युद्ध थांबलं नाही शुभांगी, अमेरिकेचं सैन्य त्यानंतर पाच वर्षं तिथे होतं. काका, हा मेसेज मलाही तीन ठिकाणांहून आलाय. वृत्तपत्रविद्या शिकवायचे तेव्हा प्रत्येक वर्गात कुणी ना कुणी हीच गोष्ट सांगायचं, म्हणून जरा सविस्तर लिहिते. क्रॉन्काइटचा कार्यक्रम झाला हे खरं, २७ फेब्रुवारी १९६८, सीबीएस वाहिनी. पण त्या रात्री जॉन्सन व्हाइट हाउसमध्ये नव्हते. टेक्ससमध्ये ऑस्टिनला होते, गव्हर्नर जॉन कॉनली यांच्या वाढदिवसाच्या समारंभात. आणि ते प्रसिद्ध वाक्य? कुणी त्यात 'देश' म्हणतं, कुणी 'मध्यमवर्गीय अमेरिका', कुणी 'सामान्य नागरिक'. एकच वाक्य इतक्या तऱ्हांनी सांगितलं जातं, तेव्हा मला ते जपूनच घ्यावंसं वाटतं.

वसंतकाका (ए-२०४): मेधा, तपशील इकडचा तिकडे झाला असेल. मुद्दा तर खरा ना? क्रॉन्काइट फेब्रुवारीच्या शेवटी बोलला आणि ३१ मार्चला जॉन्सननी टीव्हीवर जाहीर केलं की मी उभा राहणार नाही. योगायोग म्हणायचा का हा?

मेधाताई (सी-३०१): योगायोग नाही काका, पण त्या दोन तारखांच्या मध्ये आणि त्यांच्या कितीतरी आधी जे घडलं, ते या मेसेजमधून पार पुसलं गेलंय. मला राग आहे तो त्याचा. गॅलप ही जनमत चाचणी घेणारी संस्था तेव्हा लोकांना एकच प्रश्न पुन्हा पुन्हा विचारत होती: व्हिएतनाममध्ये सैन्य पाठवणं ही चूक होती का? ऑगस्ट १९६५ मध्ये 'हो, चूक' म्हणणारे होते २४ टक्के. ऑक्टोबर १९६७ मध्ये झाले ४७ टक्के, आणि 'चूक नव्हती' म्हणणारे उरले ४४. म्हणजे क्रॉन्काइट बोलण्याच्या चार महिने आधीच पारडं फिरलं होतं.

निखिल (बी-१०२): पण ते फिरवलं कुणी? टीव्हीनेच ना? घरात बसून लोकांनी युद्ध पाहिलं असं हे पहिलंच युद्ध म्हणतात.

मेधाताई (सी-३०१): इथे थोडं थांबू या. सीबीएसच्याच मॉर्ली सेफर या वार्ताहराने ऑगस्ट १९६५ मध्ये काम ने नावाच्या खेड्यातून चित्रण पाठवलं. अमेरिकन सैनिक गवताची घरं लायटरने पेटवताहेत, म्हातारी माणसं बाहेर उभी राहून रडताहेत. त्या आधी अमेरिकेच्या दिवाणखान्यात असं काही दिसलंच नव्हतं. जॉन्सन इतके भडकले की वाहिनीचे प्रमुख फ्रँक स्टँटन यांना त्यांनी फोन केला. आणि लोकांचं मत? २४ टक्क्यांचा आकडा त्याच महिन्यातला आहे. एवढं भयंकर दृश्य पाहूनसुद्धा देश युद्धाच्या बाजूने उभा होता.
मग दोन वर्षांत काय झालं? सक्तीची सैन्यभरती वाढत गेली, गावागावांत शवपेट्या येऊ लागल्या. १९६७ संपेपर्यंत सुमारे २० हजार अमेरिकन सैनिक मेले होते. त्याच वर्षी जॉन्सननी युद्धाच्या खर्चासाठी आयकरावर १० टक्के अधिभार मागितला. ज्या घरातून मुलगा गेला, ज्या शेजाऱ्याच्या घरी तार आली, त्यांना निवेदकाने सांगायची गरज नव्हती. आपण लोकमत म्हटलं की टीव्हीसमोर बसलेली मुकी गर्दी डोळ्यांसमोर आणतो. ती माणसं स्वतः हिशोब करत होती.

सेक्रेटरी: मध्येच व्यत्यय आणतोय. उद्या सकाळी १० ते १ वरच्या टाकीची सफाई आहे, पाणी भरून ठेवावे. चर्चा चालू द्या, मीही वाचतोय.

वसंतकाका (ए-२०४): टेटचा, म्हणजे व्हिएतनामी नववर्षाच्या वेळचा हल्ला विसरलीस का? जानेवारी १९६८ चा शेवट. सायगावच्या अमेरिकन वकिलातीच्या आवारात व्हिएतकाँग, म्हणजे कम्युनिस्ट बंडखोर घुसले, ते सगळ्या जगाने पाहिलं.

मेधाताई (सी-३०१): नाही विसरले, उलट तिथेच या गोष्टीचं मर्म आहे. नोव्हेंबर १९६७ मध्ये जॉन्सननी व्हिएतनाममधले अमेरिकन सेनापती वेस्टमोरलंड यांना मुद्दाम वॉशिंग्टनला बोलावून घेतलं होतं. त्यांनी पत्रकारांसमोर सांगितलं की शेवट आता नजरेच्या टप्प्यात येऊ लागलाय. दोन महिन्यांनी शंभरावर गावांत आणि शहरांत एकदम हल्ले. लष्करी दृष्ट्या शत्रूचं फार नुकसान झालं, ते हल्ले परतवलेही गेले. पण सरकारच्या शब्दाला किंमत राहिली नाही. आपला राष्ट्राध्यक्ष खोटं सांगत होता हे कळणं, हे युद्ध हरण्यापेक्षा लोकांना जास्त लागलं असं माझं मत आहे.
आणखी एक. 'चूक झाली' म्हणणारे सगळे शांततावादी नव्हते. टेटनंतर पहिल्या काही दिवसांत तर आणखी जोरात मारा करा म्हणणारे वाढले. १२ मार्चला न्यू हॅम्पशायर राज्यात पक्षाचा उमेदवार ठरवण्याच्या प्राथमिक फेरीत जॉन्सनच्याच पक्षातल्या युद्धविरोधी युजीन मॅकार्थींना ४२ टक्के मतं पडली, जॉन्सनना ४९. नंतर अभ्यासकांनी पाहिलं तर मॅकार्थींच्या मतदारांतले कितीतरी जण जॉन्सन युद्ध पुरेशा जोराने लढत नाहीत म्हणून चिडलेले निघाले. एका कार्यक्रमाने सगळ्यांना एका बाजूला नेलं, असं या आकड्यांत कुठेच दिसत नाही.

शुभांगी (ए-५०१): मग ताई, माध्यमांचा काहीच उपयोग नाही का? हे वाचून उलट निराश व्हायला झालं.

मेधाताई (सी-३०१): अगं नाही! उपयोग प्रचंड आहे, पण मेसेजमध्ये दाखवलाय तो नाही. १० मार्च १९६८ चा न्यूयॉर्क टाइम्स घे. हेड्रिक स्मिथ आणि नील शीहन यांची पहिल्या पानावरची बातमी: वेस्टमोरलंडनी आणखी २,०६,००० सैनिक मागितलेत आणि सरकारमध्येच त्यावरून वाद पेटलाय. तेव्हा तिथे पाच लाखांच्या आसपास सैन्य आधीच होतं. वर्षभर 'जिंकतोय, जिंकतोय' ऐकवलं, मग आता आणखी दोन लाख कशाला? प्रत्येक घराला हा प्रश्न पडला. काँग्रेसच्या, म्हणजे अमेरिकन संसदेच्या सदस्यांनी परराष्ट्रमंत्री डीन रस्क यांना जाहीर सुनावणीत धारेवर धरलं, १६ मार्चला त्यांच्याच पक्षाचे रॉबर्ट केनेडी उमेदवारीसाठी मैदानात उतरले, आणि ज्या ज्येष्ठ सल्लागारांनी नोव्हेंबरमध्ये युद्धाला दुजोरा दिला होता त्यांच्यातल्या बहुतेकांनी मार्चअखेर जॉन्सनना सांगितलं की यातून बाहेर पडा. जॉन्सन यांची तब्येतही बरी नव्हती, १९५५ मध्ये त्यांना हृदयविकाराचा मोठा झटका येऊन गेला होता.
क्रॉन्काइटने मत दिलं. स्मिथ आणि शीहन या दोघांनी सरकारने दडवलेली गोष्ट लोकांच्या हातात दिली. माझ्या लेखी दुसरं काम कितीतरी मोठं, आणि त्याचेच मेसेज कधी फिरत नाहीत.

निखिल (बी-१०२): पटतंय. पण वॉटरगेट? तिथे तर दोन पत्रकारांनीच राष्ट्राध्यक्ष निक्सनला खाली खेचलं.

मेधाताई (सी-३०१): वॉशिंग्टन पोस्टचं काम थोरच. पण तारखा बघ. वॉटरगेट इमारतीतल्या विरोधी पक्षाच्या कार्यालयातली घरफोडी १७ जून १९७२ ची. पोस्टने ऑक्टोबरपर्यंत बरंच उघड केलं, तरी नोव्हेंबरमध्ये निक्सननी ५० पैकी ४९ राज्यं जिंकली. लोकमत ढासळलं ते १९७३ मध्ये, सिनेटची सुनावणी टीव्हीवर सुरू झाल्यावर आणि जुलैत निक्सनच्या संभाषणांच्या ध्वनिफितींचा पत्ता लागल्यावर. जानेवारी १९७३ मध्ये सत्तर टक्क्यांना टेकू पाहणारी निक्सनची पसंती ऑगस्ट १९७४ मध्ये २४ टक्क्यांवर आली. वार्ताहर, न्यायाधीश, सिनेट, सगळ्यांनी आपापलं काम केलं तेव्हा ते झालं.

शुभांगी (ए-५०१): आणि उलटं? राष्ट्राध्यक्षच लोकमत फिरवतात तेव्हा?

मेधाताई (सी-३०१): तेही होतं. राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट बघ. १२ मार्च १९३३, बँका बंद, लोक घाबरलेले. त्यांनी रेडिओवरून साध्या भाषेत बँक कशी चालते ते समजावलं, आणि बँका उघडल्यावर लोक पैसे काढायला नाही, परत भरायला रांगेत उभे राहिले. बहुतेक वृत्तपत्रांचे मालक त्यांच्या विरोधात होते, तरी १९३६ मध्ये ४८ पैकी ४६ राज्यं त्यांची. पण रेडिओवर बोलायच्या आधी त्यांनी बँकांचा कायदा करून घेतला होता. शब्दामागे काम होतं. जॉन्सनकडे ऑफिसात तीन टीव्ही शेजारी शेजारी लावलेले होते, वृत्तसंस्थांची टेलिप्रिंटर यंत्रंही होती. दिवसभर ते बघायचे. सांगायला खरं काही उरलं नव्हतं, म्हणून कुठल्याच पडद्याचा उपयोग झाला नाही.

वसंतकाका (ए-२०४): तू काहीही म्हण, क्रॉन्काइटला मी मानतो. स्टुडिओत बसून बोलला नाही तो.

मेधाताई (सी-३०१): त्यात आपलं एकमत आहे काका. फेब्रुवारीत तो स्वतः व्हिएतनामला गेला, लढाई चालू असताना ह्युए शहरात जाऊन आला. आणि शेवटचं बोलण्यापूर्वी त्याने प्रेक्षकांना स्पष्ट सांगितलं की आता मी जे म्हणतोय ते माझं वैयक्तिक मत आहे. बातमी कुठे संपते आणि मत कुठे सुरू होतं हे सांगण्याचा तो प्रामाणिकपणा मला त्याच्या निष्कर्षापेक्षा मोलाचा वाटतो.

वसंतकाका (ए-२०४): माझ्या बँकेच्या जुन्या सहकाऱ्यांच्या ग्रुपवर हे टाकायचंय. एवढं लांब कुणी वाचणार नाही. थोडक्यात लिहून दे.

मेधाताई (सी-३०१): लगेच देते. जॉन्सननी टीव्ही बंद केला तो प्रसंग काढा. क्रॉन्काइटचं नाव राहू द्या, व्हिएतनामला जाऊन आला हे घाला. ऑक्टोबर १९६७ चे गॅलपचे ४७ आणि ४४ हे आकडे सुरुवातीलाच द्या. आणि हेड्रिक स्मिथ, नील शीहन ही दोन नावं नक्की टाका, २,०६,००० च्या आकड्यासकट.