एक रुपयाही न घालता गेम खेळून महिन्याला दोन-तीन हजार सुटतात का? खरं सांगा

बार्शीवाला

नमस्कार मंडळी. मी बी.कॉम.च्या दुसऱ्या वर्षाला आहे, बार्शीत. वडील मार्केट यार्डात हमाली करतात. मला टॅली शिकायचंय, क्लासवाला साडेसहा हजार मागतोय. घरी मागायची हिंमत नाही, म्हणून हा खटाटोप.

गेल्या महिन्यात एक ॲप घेतलं. त्यातून दुसरे गेम डाऊनलोड करायचे, खेळायचे, नाणी मिळतात. ५,००० नाणी झाली की पैसे काढता येतात. पहिल्या दिवशीच २,१०० झाली, मी तर हवेत. दुसऱ्या आठवड्यात ४,०००. आता ४,७३० वर येऊन गाडी चिखलात रुतल्यासारखी झालीये, दिवसभर जाहिराती बघितल्या तरी आठ-दहा नाणी. रात्री फोन चार्जिंगला लावून उशाशी गेम चालूच ठेवतो.

शिवाय एका मित्राने टेलिग्रामवर टोकनवाल्या गेमची लिंक पाठवलीये, म्हणजे खेळून डिजिटल नाणी मिळवायची आणि ती विकायची. तो म्हणतो, त्याचा मावसभाऊ रोज पाचशे काढतो. मावसभाऊ मी अजून पाहिलेला नाही.

भांडवल शून्य आहे. फोन जुना, ४ जीबी रॅमचा, काच एका कोपऱ्यात तडकलेली. पत्ते-बित्ते खेळायचे नाहीत. कुणी स्वतः कमावलेत का? "मेहनत कर" सोडून काहीही सांगा.

शटर_अर्धं

भावा, मी स्वतः केलंय, वहीत लिहून ठेवून केलंय, म्हणून बोलतो. लातूरला गंजगोलाईच्या मागल्या बाजूला माझं मोबाईल दुरुस्तीचं दुकान आहे. २०२३ चा पावसाळा, धंदा मंदा. गिऱ्हाइकांनी सहा-सहा महिने न नेलेले दोन फोन ड्रॉवरमध्ये पडून होते, एक माझा. म्हटलं तिन्ही लावू कामाला. (दुसऱ्याचे फोन वापरले, ते चुकलंच. पण दोघंही अजून आलेले नाहीत.)

वहीतला आकडा सांगतो. ७४ दिवस, मोजून १३१ तास. हातात आले १,१८४ रुपये, त्यातले ३०० खरेदीच्या कुपनात. भागाकार कर, तासाला नऊ रुपये. चार्जिंगची पिन बदलायला मला वीस मिनिटं लागतात आणि दीडशे मिळतात. बायकोने ती वही बघितली आणि काही न बोलता परत ठेवली. ते जास्त लागलं.

तुझी गाडी ४,७३० वर का रुतली ते ऐक. खेळायचे पैसे तुला कुणी देत नसतं. गेम बनवणाऱ्या कंपनीला नवीन माणसं पाहिजेत. तिने ॲपवाल्याला सांगितलेलं असतं की, एक माणूस आणून अमुक लेव्हलपर्यंत पोचवलास तर इतके पैसे. त्यातला तुकडा तुझा. डाऊनलोड आणि पहिल्या लेव्हलची नाणी भराभर पडतात, कारण तेवढ्यात त्यांचं काम होतं. पुढे तो माणूस खिशात हात घालेल का, एवढंच बघायचं असतं. मी एक किल्ला बांधायचा गेम घेतला होता. दहावी लेव्हल दोन संध्याकाळी झाली. विसावी तीस दिवसांत करायची होती, एकोणिसाव्याला एक बुरूज बांधायला अडीच दिवस लागायचे. शेजारी हिरवं बटण, "आत्ता पूर्ण करा, ८९ रुपये". मी नाही दाबलं. एकतिसाव्या दिवशी विसावी झाली, नाणी शून्य.

तिन्ही फोन एकाच वायफायवर होते, त्यामुळे एका ॲपने दीड महिन्यात तिन्ही खाती बंद केली, शिल्लक गिळून. एका घरात एकच खातं, असा नियम असतो, तो खाली बारीक अक्षरात. व्हीपीएन लावून, म्हणजे फोन परदेशात आहे असं भासवून, अमेरिकेचे दर घ्यायला जाशील तर पैसे काढताना अडकशील. आपल्याकडचे दर कमीच, कारण इथल्या माणसाकडून खर्चाची आशा कमी.

डेटाचा हिशेब तर मी धरलेलाच नाही. जाहिरातींचे व्हिडिओ दुपारपर्यंत दीड जीबी खाऊन टाकतात.

टोकनवाल्या लिंकचं. हे फिलिपिन्समध्ये २०२१ ला जोरात चाललं होतं, ॲक्सी इन्फिनिटी नावाचा गेम. त्यातले प्राणी विकत घ्यावे लागायचे. ज्यांच्याकडे पैसे नव्हते ते कुणा मालकाचे प्राणी बटईने घ्यायचे, जमीन करायला घेतात तसे, आणि कमाईत वाटणी. टोकनला भाव होता तोवर लोकांनी नोकरीसारखं खेळलं. पण जुन्यांना पैसे मिळायला नवे लोक येत राहावे लागतात. ते आटले आणि टोकन मातीमोल. वर मार्च २०२२ मध्ये त्या गेमचे पैशाचे व्यवहार जिथे होतात त्या रोनिन नेटवर्कमधून साठ कोटी डॉलरच्या वरची चोरी झाली, अमेरिकेच्या एफबीआयने उत्तर कोरियाच्या हॅकरांचं नाव घेतलं. तू बार्शीत बसून त्या मावसभावाच्या नादी लागू नको.

आणि एक. चार्जिंगला लावून रात्रभर गेम चालवतोस, वर उशाशी ठेवतोस. बंद कर. महिन्याला तीन-चार फोन येतात माझ्याकडे असले, बॅटरी फुगून पापडासारखी.

आता_बंद

पत्ते नको म्हणालास ते बरं केलंस. मीही पैशाने पत्ते खेळायचं ॲप फुकटातच चालू केलं होतं. नाव नोंदवलं की पन्नास रुपये त्यांच्याकडूनच. त्या पन्नासाचे पहिल्या रात्री सव्वातीनशे झाले आणि मला वाटलं आपला हात चालतो. पुढची दोन वर्षं लिहीत नाही. बोअरच्या पाइपासाठी ठेवलेले पैसे होते, सोसायटीचं कर्ज होतं. भावाला अजून सगळा आकडा माहीत नाही.

ॲप बंद झालं तेव्हा मी घरात सगळ्यात जास्त खूश होतो. तरी महिन्याभरात टेलिग्रामवर लिंक आल्या, स्टोअरवर नसलेलं ॲप बाहेरून टाकायचं, पैसे कुणा अनोळखी माणसाच्या यूपीआयवर पाठवायचे. जिंकलेले पैसेही असेच कुणाच्या तरी खात्यातून येतात. आमच्या गावातल्या एकाला साडेचार हजार आले. ते फसवणुकीतले निघाले आणि त्याचं खातं गोठलं. त्यात दुधाचा पगार अडकला.

नगरवाली_ताई

शटरदादांचं पटलं, पण मी थोडं वेगळं सांगते. मला पैसे मिळालेत, खेळून नाही, खेळताना बोलून.

मी बीजीएमआय, म्हणजे पबजीचा भारतातला गोळीबाराचा गेम, खेळते आणि यूट्यूबवर लाइव्ह दाखवते, नगरी मराठीत. सासूबाई मागे भाजी निवडत असतात. एकदा मी ओरडले, "मारला, मारला!" तर मागून आवाज, "कोणाला मारतीस गं बाई, मंगळवारचं?" तो तुकडा कुणीतरी कापून टाकला आणि एका आठवड्यात जेवढे लोक आले तेवढे आधीच्या पाच महिन्यांत आले नव्हते. आता लोक सासूबाईंसाठीच येतात, माझा नेम काय खास नाही.

आता जमिनीवर या. पूर्ण जाहिरातींच्या पैशासाठी १,००० सबस्क्रायबर आणि वर्षभरात ४,००० तास बघितले गेलेले लागतात. मला चौदा महिने लागले. मध्ये जुलै २०२२ ला गेमच स्टोअरवरून गेला, तो मे २०२३ मध्ये परत आला. ते दहा महिने चॅनल मेल्यातच जमा. दुसऱ्याच्या गेमवर पोट ठेवलं की असं होतं.

दहा डॉलर जमले की गूगल पत्ता खरा आहे का बघायला पोस्टाने पिन पाठवतं. आमचा पत्ता "मारुतीच्या देवळामागे, गिरणीशेजारी". पहिलं पाकीट आलंच नाही. दुसऱ्या वेळी मी पोस्टमनकाकांना आधीच सांगून ठेवलं, गूगलचं पत्र येईल. ते म्हणाले, "कुठल्या गावचे?" शेवटी आलं, आत सहा आकडे. शंभर डॉलर होईपर्यंत बँकेत काही येत नाही. माझे पहिले शंभर व्हायला पिन आल्यावर आणखी सात महिने गेले. आता कधी दोन हजार, कधी चार, परीक्षांच्या दिवसांत काहीच नाही, कारण बघणारी सगळी तुझ्याच वयाची पोरं.

तुला टॅली याच सत्रात शिकायचं असेल तर चॅनलच्या भरवशावर राहू नको. पण एक काम असतं. माझ्या तीन तासांच्या लाइव्हमधून पंचेचाळीस सेकंदांचे तुकडे कापून, मराठीत अक्षरं टाकून देणारा मुलगा आहे, तुकड्याला साठ रुपये देते मी. तो फोनवरच करतो, फुकटच्या ॲपमध्ये. हसायला कुठे येतं ते कळलं पाहिजे आणि ऱ्हस्व-दीर्घ बरं पाहिजे. माझ्याकडे जागा नाही, पण मराठीत लाइव्ह करणारे पुष्कळ आहेत आणि स्वतः कापत बसायला सगळ्यांना कंटाळा येतो. न विचारता दोन तुकडे कापून पाठव, मग बोल.

बार्शीवाला

ताई, शटरकाका, आभार. एक सांगायचं राहिलं होतं, लाज वाटत होती. त्या टेलिग्रामवाल्याने "खातं पडताळणी" म्हणून ९९ रुपये घेतले आणि आधारचा फोटोही. वॉलेटमध्ये ३,२०० दाखवतंय. आता काढायला ४९९ "प्रोसेसिंग" मागतोय, म्हणतो नंतर परत मिळतील. ९९ गेलेच आहेत तर ४९९ भरून ३,२०० काढावेत का?

शटर_अर्धं

नाही.

हिशेबनीस

मी कर सल्लागाराकडे कारकून आहे, तेवढ्यापुरतं लिहितो. तुझे पैसे त्याच्याकडे खरोखर असते तर त्याने ४९९ त्यातूनच कापून २,७०१ पाठवले असते. हे त्याला एकदा लिहून बघ, उत्तर काय येतं ते वाचण्यासारखं असतं. ते ३,२०० म्हणजे पडद्यावर काढलेलं चित्र आहे.

१९३० वर फोन कर, सायबर फसवणुकीचा सरकारी नंबर आहे. ९९ रुपयांसाठी नव्हे, आधारचा फोटो गेलाय म्हणून. तक्रारीचा क्रमांक जपून ठेव, उद्या तुझ्या नावावर काही निघालं तर दाखवायला होतो. आधारच्या सरकारी ॲपमधून बायोमेट्रिक (बोटांचे ठसे वगैरे) लॉक करून टाक. चॅट पुसू नको.

बाकी कायद्याचं. ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने ऑनलाइन गेमिंगचा कायदा केला, २२ तारखेला राष्ट्रपतींची सही झाली. पैसे लावून पैसे जिंकायचे खेळ चालवणं गुन्हा, कौशल्याचा असो की नशिबाचा. तीन वर्षांपर्यंत कैद, एक कोटीपर्यंत दंड. जाहिरात करणाऱ्यालाही शिक्षा आहे. खेळणाऱ्याला नाही. ई-स्पोर्ट्स, म्हणजे गेमच्या अधिकृत स्पर्धा, वेगळे धरलेत. त्यामुळे कुणी व्हॉट्सॲपवर "वीस रुपये एंट्री, रूममध्ये या, जिंकाल तर दोनशे" म्हणाला, तर तो स्वतःला ई-स्पोर्ट्स म्हणवून घेईल, पण तसा होत नाही. ऑनलाइन गेममध्ये जिंकलेल्या निव्वळ रकमेवर ३० टक्के कर सरसकट आहे, तुझं बाकीचं उत्पन्न शून्य असलं तरी. तुकडे कापून मिळालेले पैसे त्यात येत नाहीत, ती साधी कामाची मिळकत. ताईंचा मार्ग या बाजूनेही बरा.

बार्शीवाला

लिहून बघितलं. "२,७०१ पाठवा" म्हटल्यावर आधी दहा मिनिटं काही नाही, मग "सिस्टीम अलाव करत नाही सर" आणि ब्लॉक. १९३० ला लागला फोन, तक्रार घेतली.

ताई, काल रात्री तुमच्या परवाच्या लाइव्हमधले दोन तुकडे कापलेत. जागा नाही म्हणालात, म्हणून नुसते सरावाला. एकात, गेमच्या सुरुवातीला सगळे विमानातून उडी मारतात तिथे, सासूबाई विचारतात, "हे विमान रोज त्यांना खाली ढकलतंच का?" तिथे कापलंय. "ढकलतंच" मधला अनुस्वार बरोबर आहे ना, बघा.

शटरकाका, एक विचारू? तुम्ही बॅटरीचं म्हणालात. माझ्या फोनचं मागचं झाकण खालच्या बाजूने जरासं वर आलंय, नख जातं आत. काच तडकली तेव्हापासून असेल असं मी समजत होतो.

शटर_अर्धं

चार्जर काढ. फोन बंद कर, झाकण दाबून बसवू नको, काही टोचू नको, अंथरुणापासून लांब फरशीवर ठेव. उद्या सकाळी दुकानात ने आणि बॅटरी काढायला सांग. मित्राच्या फोनवरून मॉडेल नंबर टाक इथं, भाव सांगतो, म्हणजे तिथला जास्त घेणार नाही.

नगरवाली_ताई

अनुस्वार बरोबर आहे. आधी फोनचं बघ.