भूसंपादन: थेट खरेदीला संमती द्यावी की निवाडा होऊ द्यावा?

शिवारवाट: आमच्या जमिनीतले 38 गुंठे रस्त्यात जाताहेत. 2013 च्या भूसंपादन कायद्याच्या कलम 11 ची प्राथमिक अधिसूचना निघाली, संयुक्त मोजणीही झाली. आता थेट खरेदीचा प्रस्ताव आलाय, मोबदल्यावर 25 टक्के जादा. नाहीतर निवाडा, म्हणजे मोबदला ठरवणारा सरकारी आदेश होईल. सातबाऱ्यावर वडील आणि दोन आत्या आहेत. वकिलावर 30 हजारांच्या वर खर्च झेपणार नाही. काय करावं?

बांधकरी: अजिबात सही करू नका. समृद्धी महामार्गाला पाचपट दिले, तुम्हाला कमी का? आम्ही जिल्ह्यातला नावाजलेला वकील धरला. दोन लाख गेले, पण रक्कम वाढवून घेतलीच. दोन लाखांची तयारी ठेवा.

गटनंबर: बांधकरी, ते पाचपट थेट खरेदीचेच होते. बाजारमूल्य गुणिले 2, त्यावर 100 टक्के दिलासा रक्कम (सक्तीने जमीन घेतल्याबद्दलची भर) म्हणजे चौपट, वर 25 टक्के म्हणजे पाचपट. ज्याने बाजारमूल्याला गुणतात तो गुणांक ग्रामीण भागात 1 ते 2 असतो, तुम्हाला कोणता लावलाय ते आधी विचारा. पण मेख मूळ दरात असते. कलम 26 नुसार रेडी रेकनरचा (मुद्रांक शुल्कासाठीचा सरकारी) दर आणि मागच्या तीन वर्षांतल्या खरेदीखतांपैकी जास्त किमतीच्या निम्म्या खतांची सरासरी, यांत जास्त असेल तो धरायचा. आसपासच्या व्यवहारांच्या ‘सूची दोन’ (इंडेक्स 2, नोंदणी झालेल्या खरेदीखताचा सरकारी उतारा) काढा. मूळ दर एकरी लाखाने चुकला तर पुढे पाच लाखांचा फरक पडतो.

मळेवाली: मोजणीपत्रक बघितलंत का? आमची विहीर आणि पाइपलाइन त्यात आलीच नव्हती, बागायत जमीन जिरायत लिहिली होती. लेखी हरकत देऊन फेरमोजणी करून घेतली तेव्हा कुठे नोंद झाली. झाडं, विहीर, शेड यांच्या मूल्यांकनावरही दिलासा रक्कम मिळते.

पाटीलकी: निवाडाच होऊ द्या. मेहुण्यांनी पैसे मुकाट्याने उचलले, नंतर वाढीव मोबदल्याचा अर्ज बाद झाला. हरकत राखून पैसे घ्यायचे, ते पावतीवर लिहायचं, मगच कलम 64 खाली दाद मागता येते. निवाड्याच्या वेळी हजर असाल तर मुदत फक्त सहा आठवडे.

बांधकरी: मी तेच म्हणतोय. आणि पैसे नसतील तर टक्केवारीवर वकील मिळतो.

गटनंबर: टक्केवारीवर फी ठरवणं बार कौन्सिलच्या नियमांत बसत नाही. असं नव्या माणसाला सुचवू नका.

बांधकरी: नियम तुम्ही पाळा. आमच्या गावात सगळे असंच करतात.

महामार्गपीडित: राष्ट्रीय महामार्ग असेल तर कलम 64 विसरा. तिथे 1956 चा राष्ट्रीय महामार्ग कायदा, दाद जिल्हाधिकारी किंवा आयुक्तांपुढे लवाद म्हणून. दिलासा रक्कम मात्र तिथेही मिळते, 2019 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तसा निकाल दिलाय. आमचं प्रकरण अजून लटकलंय, रस्त्यावरून गाड्या धावताहेत.

शिवारवाट: रस्ता राज्याचा आहे, गुणांक 2.

पाटीलकी: मग तर थांबाच. निवाड्यात बाजारमूल्यावर वर्षाला 12 टक्केही मिळतात. खरेदीखत झालं की वाढीव मोबदल्याचा रस्ता बंद.

मळेवाली: विहिरीचं बघा हो आधी.

शिवारवाट: सगळ्यांचे आभार. सूची दोन काढल्या. खरेदीखतांची सरासरी रेकनरपेक्षा बरीच वर निघाली, तसा अर्ज दिला आणि मूळ दर वाढवून मिळाला. मोजणीत आंब्याची झाडं सुटली होती, तीही चढली. आता थेट खरेदीच करतोय. थोरल्या आत्याचं वय झालंय. तिघांची आज एकवाक्यता आहे, उद्या वारसांची नावं लागली आणि हिश्श्यावर वाद झाला तर पैसे भूसंपादनाचे वाद ऐकणाऱ्या प्राधिकरणाकडे अडकून पडतील. वकिलाकडून फक्त खरेदीखताचा मसुदा तपासून घेणार आहे.

बांधकरी: घाई करताय. कोर्टात यापेक्षा जास्त मिळालं असतं.

मळेवाली: तिघांचे पैसे तिघांच्या वेगवेगळ्या खात्यांत जमा करायला सांगा, हिस्से खरेदीखतातच लिहून.