मदत हवी आहे: अभ्रक, भोडल, मायका, मस्कोव्हाइट... पाटीवर नेमकं काय लिहू?

नमस्कार मंडळी,

इंदूरहून लिहिते आहे. माझे बाबा इथल्या एका शाळेत विज्ञान शिकवायचे. मागच्या वर्षी ते गेले. दिवाळीआधी रामबागेतलं घर आवरताना माळ्यावर बिस्किटांचा एक पत्र्याचा डबा सापडला. आत वर्तमानपत्राच्या घड्यांमध्ये सात नग होते आणि प्रत्येकाला शिवणाच्या दोऱ्याने बांधलेली चिठ्ठी, बाबांच्या अक्षरात.

बाबांचे एक विद्यार्थी आता स्वतः शिक्षक आहेत. त्यांच्या शाळेत खनिजांचं काचेचं कपाट होतंय, त्यासाठी त्यांनी हा डबा मागितला आणि मी आनंदाने हो म्हटलं. प्रत्येक नगाखाली हिंदी आणि मराठी पाटी लागणार आहे: नाव, शास्त्रीय नाव आणि उपयोगाच्या दोन ओळी. हिंदीचं ते बघतील, मराठी मी द्यायची. तिथेच अडले आहे.

सातही नग अभ्रकाच्या आसपासचे आहेत, पण बाबांनी प्रत्येकावर नाव वेगळं घातलंय. पहिला तळहाताएवढा तुकडा आहे. चिठ्ठीवर लिहिलंय, ‘कोडरमा. जाड असता लालसर, पातळ असता पांढरे. दोन्ही एकच.’ कोडरमा म्हणजे झारखंडमधलं अभ्रकाच्या खाणींचं ठिकाण. चिठ्ठीत लिहिलंय ते खरंच तसं आहे. अख्खा तुकडा डाळिंबाच्या सालीसारखा दिसतो. कडेला सुईचं टोक घालून अलगद उचकटलं की पापुद्रा सुटतो, त्या पापुद्र्याला पुन्हा पापुद्रा, आणि चौथ्या-पाचव्या वेळी हातात जे राहतं त्यातून पलीकडचं वर्तमानपत्र वाचता येतं, रंगाचा मागमूस नाही. वाकवून सोडलं की टप्पकन सरळ होतं. मी रात्री दिव्याखाली हे करत बसले होते आणि वेळेचं भान राहिलं नाही.

दुसरा नग ‘काळे अभ्रक’. तिसरी कागदाची पुडी आहे, तिच्यावर ‘भोडल’, आत चमचमणारा चुरा. हा शब्द आमच्याकडे हिंदीतून आलेला, आजी रंगपंचमीच्या गुलालात चमक दिसली की म्हणायची, ‘भोडल घातलंय, डोळ्यांत जाऊ देऊ नका.’ चौथा जुन्या इस्त्रीतला एलिमेंट, पत्र्यासारख्या पातळ तुकड्यावर चपटी तार गुंडाळलेली. पाचव्यावर ‘मायका, सुताराकडून’. हा मात्र चक्क टेबलावर चिकटवतात त्या सनमायकाचा तुकडा आहे! सहावा बोटाच्या पेराएवढा काळा खडा, चिठ्ठीवर ‘वज्र’ आणि पुढे प्रश्नचिन्ह. सातव्याची चिठ्ठी गळून पडली आहे, तो पांढरा, पारदर्शक आणि पापुद्र्यांचा आहे.

माझी मुलगी इथल्या हिंदी वातावरणात वाढलेली. तिने पाचवी चिठ्ठी वाचून विचारलं, ‘आजोबांनी सुताराकडून माहेर आणलं?’ हिंदीत मायका म्हणजे माहेर, तिचा काही दोष नाही. पण तेव्हापासून हा शब्द माझ्या डोक्यातून जात नाही.

मी आधी थोडं वाचलं आहे. संस्कृतात अभ्र म्हणजे ढग, त्यावरून अभ्रक. मायका हा लॅटिन शब्द, मूळ अर्थ कण किंवा चुरा, आणि चमकणे या अर्थाच्या लॅटिन क्रियापदाची त्यावर छाया पडली असं मानतात. मस्कोव्हाइट हे नाव मस्कोव्ही म्हणजे जुन्या रशियावरून. तिकडे खिडक्यांना काचेऐवजी याचे तक्ते लावत आणि पश्चिम युरोपात त्यांना मस्कोव्हीची काच म्हणत. त्यावरून अमेरिकन खनिजशास्त्रज्ञ डेनाने १८५० मध्ये खनिजाला हे नाव दिलं. काळ्या अभ्रकाला जर्मन खनिजशास्त्रज्ञ हाउसमानने १८४७ मध्ये बायोटाइट म्हटलं, ते ब्यो या फ्रेंच भौतिकशास्त्रज्ञाच्या सन्मानार्थ. म्हणजे एक नाव ढगाचं, एक चुऱ्याचं, एक देशाचं, एक माणसाचं.

आता विचारायचं ते असं. पहिल्या नगाला ‘श्वेताभ्रक’ म्हणावं का, दिसायला लाल असताना? ‘वज्र’ म्हणजे वैद्यकातलं वज्राभ्रक असणार, पण वज्राभ्रक म्हणजे बायोटाइट असं सरळ लिहिलं तर चालेल का? सनमायकाचा तुकडा बाबांनी यात का ठेवला असेल? ते चुकून काही ठेवणारे नव्हते, पण मला त्यात खनिज काही दिसत नाही, कपाटातून काढून टाकू का? आणि सातवा नग ओळखायचा कसा? ज्यांना या विषयातलं कळतं त्यांनी कृपया सांगा. बाबांच्या वस्तूंवर चुकीचं नाव लागू नये एवढीच इच्छा आहे.

प्रतिसाद

ताई, मी पीथमपूरला मोटर वाइंडिंगचं काम करतो. तुमच्या चौथ्या आणि पाचव्या नगाबद्दल सांगतो.

इस्त्रीत अभ्रकच लागतं, कारण त्यातून उष्णता जाते पण वीज जात नाही. तार लालभडक झाली तरी पापुद्रा जळत नाही. पांढरं अभ्रक साधारण ५०० ते ६०० अंशांपर्यंत टिकतं, त्याहून जास्त तापणाऱ्या कामाला मधाच्या रंगाचं वापरतात, त्याचं नाव फ्लोगोपाइट. डीसी मोटरच्या कम्युटेटरमध्ये, म्हणजे फिरत्या भागावरच्या तांब्याच्या पट्ट्यांच्या गोल नळकांड्यात, तांब्याच्या दोन पट्ट्यांच्या मध्ये मायकाच असतो. तांबं झिजतं, मायका झिजत नाही, मग तो वर उरतो, वीज पोचवणारा कार्बनचा तुकडा, म्हणजे ब्रश, त्यावर उड्या मारतो आणि ठिणग्या पडतात. म्हणून आम्ही हॅक्सॉच्या पात्याचा तुकडा घेऊन प्रत्येक फटीतला मायका तांब्याच्या खाली कापतो. पहिली दोन वर्षं मी हेच केलं. हे कुणा पोराला दाखवायचं असेल तर एक जुना कम्युटेटर पाठवून देतो.

सनमायका काढू नका! १९१२-१३ च्या सुमारास अमेरिकेत फेबर आणि ओकॉनर या दोघांनी विजेच्या कामात अभ्रकाच्या जागी चालेल असा थर तयार केला. मायकाऐवजी, इंग्रजीत ‘फॉर मायका’, म्हणून त्याचं नाव फॉर्मायका. पुढे तोच माल टेबलांवर आणि कपाटांवर चढला. आपल्याकडचं सनमायका त्याच जातीचं, म्हणजे रेझिनमध्ये भिजवलेले कागदाचे थर गरम दाबात एकजीव केलेले. खनिज त्यात नाही हे तुमचं बरोबर, पण नाव खाणीतूनच आलंय. तुमच्या वडिलांना हे ठाऊक असणार.

प्रतिसाद

मी आयुर्वेदाचा विद्यार्थी आहे, ग्वाल्हेर. ‘वज्र’पुढचं प्रश्नचिन्ह फार महत्त्वाचं आहे, ते पुसू नका.

रसशास्त्रात, म्हणजे आयुर्वेदाच्या खनिज-धातूंच्या औषधांच्या शाखेत, अभ्रक हे आठ महारसांपैकी (मुख्य खनिजांपैकी) पहिलं. त्याचे चार प्रकार रंगावरून पडतात, पण दुसरे चार पडतात ते आगीत टाकल्यावर काय होतं त्यावरून. पापुद्रे उलगडत जातात ते पिनाक, बेडकासारखा आवाज करून उडतं ते दर्दुर, सापासारखा फूत्कार करतं ते नाग. आणि जे आगीत जसंच्या तसं राहतं ते वज्र. औषधाला फक्त वज्र, त्यातही काळं. म्हणजे नुसतं बघून वज्र ठरवता येत नाही, तापवावं लागतं. तुमच्या वडिलांनी खडा तापवला नसावा, म्हणून प्रश्नचिन्ह.

आज आमच्या पुस्तकांत वज्राभ्रकापुढे बहुतेक बायोटाइट लिहितात, ते कामापुरतं ठीक आहे. पाटीवर उपयोग लिहाल तेव्हा अभ्रकभस्माची एक गोष्ट मुलांना आवडेल. अभ्रक साळींबरोबर, म्हणजे टरफलासकटच्या भाताबरोबर, कापडात बांधून कांजीत भिजवतात आणि मग चोळतात. साळींच्या टोकांनी त्याची बारीक कणी होऊन कापडातून बाहेर येते, तिला धान्याभ्रक म्हणतात. पुढे पुटं देत जायचं, म्हणजे बंद भांड्यात घालून पुन्हापुन्हा भाजायचं, शंभर किंवा हजार वेळा, तेच शतपुटी आणि सहस्रपुटी. भस्म झालं की उन्हात धरून बघतात. एकही कण चमकला तर ते कच्चं. चमक पूर्ण गेली तर ‘निश्चंद्र’. ज्या चमकीसाठी गुलालात अभ्रक घालतात, तीच औषधात उरलेली चालत नाही.

भस्म वैद्याच्या सल्ल्याशिवाय घ्यायचं नाही, हेही पाटीवर एका ओळीत लिहा. मुलं घरी जाऊन सांगतात.

प्रतिसाद

ताई, मी भूविज्ञान शिकवते, वडोदऱ्याला. आधी सातव्या नगाचं. एक पातळ पापुद्रा काढून वाकवा आणि सोडा. उसळून सरळ झाला तर अभ्रक. वाकलेलाच राहिला किंवा मोडला तर बहुधा सेलेनाइट, म्हणजे पारदर्शक जिप्सम. बोटाला साबणासारखा बुळबुळीत लागला तर शंखजिरे, म्हणजे टाल्क. नखाने तिन्हींवर ओरखडा पडू शकतो, त्यामुळे नखावर विसंबू नका. जुन्या इंग्रजी लिखाणात अभ्रकाला सर्रास टाल्क म्हणत, अभ्रकाच्या पत्र्यावर रंगवलेल्या चित्रांनाही तेच नाव होतं, म्हणून जुन्या शब्दकोशांवरही एकट्याने भिस्त ठेवू नका.

अभ्रक उसळतं आणि सुटतं, दोन्ही एकाच रचनेमुळे. सिलिकेटचे थर भक्कम आणि दोन थरांमध्ये पोटॅशियमची विरळ शिवण. सुई तिथेच शिरते. एकेक थर साधारण एक नॅनोमीटरचा, म्हणजे तुमच्या तुकड्याच्या एका मिलिमीटरमध्ये दहा लाखांच्या आसपास थर आहेत. तुम्ही पाच वेळा सोलून जे काढलंत त्यातही हजारो होते.

कोडरम्याचं ते लालसर अभ्रक रुबी मायका म्हणून जगभर प्रसिद्ध होतं, पण आहे मस्कोव्हाइटच. त्याला ‘रक्ताभ्रक’ मात्र म्हणू नका. तुमच्या वडिलांनी ‘दोन्ही एकच’ लिहून नेमकी तीच चूक टाळली आहे.

काळ्या नगाबद्दल, बायोटाइट हे १९९८ पासून एका स्वतंत्र खनिजाचं नाव राहिलेलं नाही. आंतरराष्ट्रीय खनिजशास्त्र संघटनेने ते लोह-मॅग्नेशियमच्या गडद अभ्रकांच्या मालिकेचं नाव ठरवलं. शाळेच्या पाटीवर ‘बायोटाइट गटातील अभ्रक’ लिहा, म्हणजे चूक होणार नाही.

आणि ग्वाल्हेरच्या विद्यार्थ्याने सांगितलेल्या चार प्रकारांबद्दल माझं मत. काळं अभ्रक जमिनीत मुरून झिजलं की त्याचं व्हर्मिक्युलाइट होतं. ते तापवलं की आतलं पाणी वाफ होऊन पापुद्रे ताणले जातात आणि खडा अळीसारखा लांबतो. लॅटिनमध्ये अळीवरूनच ते नाव आहे, आणि गच्चीवर कुंड्या लावणारे जे हलकं सोनेरी व्हर्मिक्युलाइट विकत आणतात ते असंच फुगवलेलं असतं. एकाच खाणीतलं ताजं काळं अभ्रक आगीत स्थिर राहील आणि झिजलेलं उलगडेल. तेव्हा पिनाक आणि वज्र ही दोन वेगळी खनिजं असतीलच असं नाही. ती नावं खनिजाच्या जातीची नसून त्याच्या अवस्थेची असू शकतात. म्हणून मी तरी ‘वज्राभ्रक = बायोटाइट’ असं बरोबरचं चिन्ह घालणार नाही.

धागालेखिका

तुम्हा तिघांचे मनापासून आभार. रात्री सातव्याचा पापुद्रा काढून वाकवला. वाकलेलाच राहिला. दोनदा करून पाहिलं, दुसऱ्यांदा मोडला. बुळबुळीत नाही. त्यामुळे ‘जिप्सम (सेलेनाइट). अभ्रकासारखे दिसते, अभ्रक नव्हे’ असं लिहिते आहे. बाबांनी तो मुद्दामच या डब्यात ठेवला असावा, मुलांच्या हातात दोन्ही देऊन विचारायला.

पहिल्या पाटीचा मजकूर असा ठरवलाय: ‘अभ्रक. शास्त्रीय नाव मस्कोव्हाइट. कोडरमा. जाड असता लालसर, पातळ असता पांढरे. दोन्ही एकच.’ शेवटची वाक्यं बाबांची, तशीच राहू देते. पुडीवर ‘भोडल’च मोठ्या अक्षरांत आणि खाली अभ्रकाचा चुरा, कारण इथल्या मुलांच्या घरी हाच शब्द आहे. सहाव्यावर ‘काळे अभ्रक, बायोटाइट गट. वज्र?’ प्रश्नचिन्हासकट. त्याखाली आगीतल्या चार प्रकारांची ओळ.

सनमायका कपाटात राहणार. त्याच्या पाटीवर फेबर-ओकॉनरची हकिगत येईल आणि मुलीच्या आग्रहाने एक ओळ, की हिंदीतला मायका हा वेगळा शब्द, त्याचा या दगडाशी संबंध नाही.

पीथमपूरचे दादा, कम्युटेटर नक्की पाठवा, इस्त्रीच्या एलिमेंटशेजारी जागा ठेवली आहे. शक्य असेल तर एक-दोन फटींमधला मायका न कापता तसाच राहू द्या, म्हणजे तांब्याच्या वर उरलेला दिसेल. पाट्या शनिवारी छापायला जातात, तोवर कुणाला काही खटकलं तर इथेच लिहा.