होडीची वेळ पाणी ठरवतं

मासेमारी करणाऱ्या होडीवाल्याचा दिवस पहाटे चारला सुरू होतो, असं सरसकट म्हटलं जातं. रायगडच्या किनाऱ्यावर डोल जाळ्याने मासे धरणाऱ्यांना हे लागू नाही. भरती रोज साधारण ५० मिनिटं पुढे सरकते, म्हणून आज चारला सुटलेली होडी आठवड्याने दहाला सुटते. डोल म्हणजे जागेवर बांधलेलं पिशवीसारखं जाळं. पाण्याला ओढ असेल तरच ते फुगतं. त्यामुळे अमावस्या-पौर्णिमेच्या उधाणाला बोंबील, जवळा आणि जागरण. अष्टमीच्या भांगाला, म्हणजे भरती-ओहोटीचा जोर कमी असताना, जाळी शिवणं. (बायकांना तीही सवड नाही, निवडणं-सुकवणं-विकणं त्यांच्याकडेच.) आणि १ जून ते ३१ जुलैची मासेमारीबंदी यांत्रिक नौकांना आहे, बिनइंजिनाच्या होडीला सूट. पण त्या पावसात खाडीबाहेर जाणार कोण?