वाटपाच्या दाव्यात प्रतिवादी आत्या मयत झाली. दावा आपोआप संपला का?

वादीचा मुलगा (प्रश्न)
आजोबांच्या स्वकष्टार्जित साडेचार एकर जमिनीचे सरस-निरस मानाने (जमिनीचा कस पाहून) वाटप होऊन स्वतंत्र कब्जा मिळावा, यासाठी वडिलांनी २०१६ मध्ये तालुक्याच्या दिवाणी न्यायालयात दावा दाखल केला. प्रतिवादी क्र. ३ ही माझी आत्या. ती लग्नानंतर सुरतेला स्थायिक झाली होती आणि दाव्यामुळे येणेजाणे थांबले होते. ती १२ फेब्रुवारीला वारल्याचे आम्हांला २० ऑगस्टला, सत्यनारायणासाठी गावी गेलो असता, बोलण्याच्या ओघात कळले. मधल्या चार तारखांना तिच्या वकिलांनी मुदतीचे अर्ज दिले, मृत्यूची पुरसीस (न्यायालयाला लेखी माहिती) मात्र दिली नाही. आता ते म्हणतात की वारस वेळेत रेकॉर्डवर (तिच्या जागी पक्षकार म्हणून) न घेतल्यामुळे संपूर्ण दावा अबेट झाला (कायद्याने संपुष्टात आला) आहे. आत्याने दाव्याआधीच आपल्या हिश्श्यापैकी काही भाग मुलाला बक्षीसपत्राने दिला होता, म्हणून तोही प्रतिवादी क्र. ५ आहे. तिला एक मुलगीही आहे. आम्ही काय करावे?

एक वाचक
मुदत गेली असेल तर वेळ न दवडता नवा दावा दाखल करावा, असे मला वाटते.

दिवाणी वकील
वरील सल्ला कृपया मानू नये. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २२, नियम ९ नुसार दावा अबेट झाल्यावर त्याच वादकारणावर नवा दावा आणता येत नाही. अबेटमेंट रद्द करून घेणे हाच मार्ग असतो.

मुदतीचा हिशेब असा आहे. वारस रेकॉर्डवर घेण्याच्या अर्जासाठी मृत्यूच्या दिवसापासून ९० दिवस मिळतात, म्हणजे आपल्या बाबतीत १३ मेपर्यंत. त्यानंतर त्या प्रतिवादीपुरता दावा आपोआप अबेट होतो, त्यासाठी न्यायालयाच्या हुकुमाची गरज नसते. अबेटमेंट रद्द करण्यासाठी आणखी ६० दिवस, म्हणजे १२ जुलैपर्यंत होते. तेही उलटल्यामुळे वारस अर्ज आणि अबेटमेंट रद्द करण्याचा अर्ज यांच्या जोडीला मुदत कायद्याच्या कलम ५ खाली विलंब माफीचा अर्ज द्यावा लागेल. मृत्यूची माहिती नव्हती, ही बाब न्यायालयाने विचारात घ्यावी असे नियम ४(५) सांगतो. म्हणून २० ऑगस्टला कोणाकडून व कसे कळले हे प्रतिज्ञापत्रात नेमके लिहावे. पक्षकाराच्या मृत्यूची माहिती होताच वकिलाने न्यायालयाला कळवावे असे नियम १०-अ मध्ये आहे, त्यामुळे त्या चार तारखांच्या रोजनाम्याच्या (न्यायालयाच्या दैनंदिन कामकाजाच्या नोंदीच्या) नकला सोबत जोडाव्यात.

आता समोरच्यांच्या मुख्य हरकतीकडे येतो. वाटपाच्या दाव्यात प्रत्येक हिस्सेदार आवश्यक पक्षकार असल्याने एकाविरुद्धचे अबेटमेंट संपूर्ण दाव्याला बाधू शकते, हे खरे आहे. परंतु आपल्या प्रश्नातील शेवटच्या दोन ओळींकडे समोरच्यांनी दुर्लक्ष केलेले दिसते. मयताचा एखादा वारस दुसऱ्या नात्याने आधीच रेकॉर्डवर असेल, तर बाकीचे वारस मुदतीत आले नाहीत तरी कार्यवाही अबेट होत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने महाबीर प्रसाद विरुद्ध जागे राम या प्रकरणात म्हटले आहे. प्रतिवादी क्र. ५ हा मुलगाच असल्याने ही बाजू आधी मांडावी आणि विलंब माफीचा अर्ज पर्यायी म्हणून द्यावा. केवळ या निवाड्यावर विसंबून मुलीला बाहेर ठेवण्याचे धाडस मी करणार नाही; उद्या तिनेच हुकूमनाम्याला हरकत घेतली तर सारे पुन्हा उभे राहील.

न्यायालयातील निवृत्त लिपिक
अर्जासोबत मृत्यूचा दाखला द्यावा आणि तो सुरतेहून मिळण्यास वेळ लागणार असेल तर अर्ज अडवून ठेवू नये, दाखला मागाहून दाखल करण्याची परवानगी मागावी. अर्ज मंजूर झाल्यावर दाव्याच्या मथळ्यात ‘३ (मयत) तर्फे वारस ३-अ, ३-ब’ अशी दुरुस्ती प्रत्यक्ष करून घ्यावी लागते. मुलाला क्र. ५ बरोबरच ३-अ म्हणूनही दाखवावे. हुकूम झाला पण दुरुस्ती राहिली, म्हणून मुलीच्या नावाचे समन्सच निघाले नाही आणि सहा महिने वाया गेले, अशी प्रकरणे मी स्वतः हाताळली आहेत.

वादीचा मुलगा
रोजनाम्याच्या नकलांसाठी आजच अर्ज दिला. तिन्ही अर्ज पुढील तारखेची वाट न पाहता याच आठवड्यात दाखल करण्यास आमच्या वकिलांना सांगितले आहे.